मयताच्या दारातला बेंजो

"अरे वाजवा! वाजवा रे! थांबलात कशाला? कॅमेरा चालू आहे!"

ओरडणारा मीच. माझा आवाज लहानपणापासूनच असा, की मी उल्हासनगरात शिंकलो तर विठ्ठलवाडीची कबुतरं उडून कल्याणला जाऊन बसतात. त्यात त्या दिवशी मी उलटा चालत होतो. खांद्यावर कॅमेरा, डोळा व्ह्यूफाइंडरला, पाठीमागे अंबरनाथ पश्चिमेची अरुंद गल्ली आणि गल्लीच्या दोन्ही कडांना उघडी गटारं. माझा साउंड रेकॉर्डिस्ट लच्छू एका हातात माइकची काठी आणि दुसऱ्या हातात माझा कमरेचा पट्टा धरून मला मागच्या मागे ओढत होता. समोर लग्नाची मिरवणूक. घोड्यावर नवरदेव, त्याच्यापुढे नाचणारी मंडळी आणि सगळ्यांच्या पुढे बबन मास्टरची बेंजो पार्टी.

असा शॉट जन्मात एकदा मिळतो. ऊन तिरपं, धूळ सोन्यासारखी, नवरदेवाचा मामा नवी कोरी सफारी घालून मातीत लोळतोय, त्याच्या अंगात नाग आलाय. आणि एकाएकी सगळं गप्प. बेंजो गप्प, ताशा गप्प. मामासुद्धा उठला, कपडे झटकले आणि शाळेतल्या पोरासारखा रांगेत चालायला लागला.

"वाजवा!" मी पुन्हा ओरडलो.

लच्छूने पट्ट्याला असा हिसका दिला की माझी पँट आणि अब्रू दोन्ही धोक्यात आली. लच्छू उल्हासनगरचा सिंधी. चिडला की त्याला एकही भाषा पुरत नाही.

"साईं, चिल्लाओ मत! टेपवर फक्त तुमचाच आवाज जातोय. चुपचाप चलो."

मी गप्प झालो. कॅमेरा मात्र चालूच राहिला. ही काही माझी हुशारी नव्हे. दोन्ही हात अडकलेले, बंद करायचं बटण सापडेना. त्यामुळे जे आलं ते असं आलं: बबन मास्टरने तार छेडायची प्लास्टिकची पत्ती दातांत धरलेली. बेंजोवर गळ्यातला गमछा टाकलेला. हातगाडीवरच्या ॲम्प्लिफायरचं बटण खट् करून बंद. मग फक्त चपलांचा आवाज आणि घोड्याच्या पायातले घुंगरू. डाव्या हाताच्या एका दारात बनियन-पायजम्यातले एक म्हातारे गृहस्थ उभे, त्यांच्या मागे एक तरुण बाई. मास्टर समोर आला तसे गृहस्थांनी त्याला हात जोडले. मास्टरने मान खाली घातली. मिरवणूक पुढे सरकली. कोपरा वळल्यावर मास्टरने दातांतली पत्ती काढली, बटण दाबलं, आणि मामा पुन्हा मातीत.

ज्यांनी बेंजो पार्टी ऐकलेली नाही त्यांच्यासाठी सांगतो. बेंजो म्हणजे लाकडी खोक्यावर ताणलेल्या तारा आणि त्यावर टाइपरायटरसारखी बटणं. डाव्या हाताने बटणं दाबायची, उजव्या हाताने तारा छेडायच्या. पण हे झालं घरातलं बाळबोध वाद्य. आमच्याकडे त्याला वायर जोडतात, वायर ॲम्प्लिफायरला, आणि ॲम्प्लिफायर हातगाडीवर बांधलेल्या भोंग्याला. मग जो आवाज निघतो त्याने बदलापुरात गच्चीवर वाळत घातलेले पापड आपोआप उलटे होतात. सोबत ताशा, ढोल, झांजा. हळद असो, वरात असो, जयंती असो, गणपती असो, उल्हासनगर ते बदलापूर या पट्ट्यात बेंजोशिवाय आनंद झाला असं कोणी मानत नाही.

दोन हजारच्या दशकातली मधली वर्षं होती ती. डीजे यायला लागले होते, पण बेंजोची सद्दी संपली नव्हती. मी तेव्हा एका चॅनलसाठी डॉक्युमेंटरी करत होतो. विषय, उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर या तीन गावांचं रस्त्यावरचं संगीत. चॅनलच्या मॅडमना विषय विकताना मी थोडंसं सजवून सांगितलं होतं. म्हणजे, हे वाद्य ग्रीसहून सोपाऱ्याच्या बंदरात उतरलं आणि तिथून बैलगाडीने अंबरनाथच्या शिवमंदिरात पोचलं, इतकंच. मॅडमनी ते लिहूनही घेतलं. आमच्या धंद्यात विषय विकताना बोललेलं कोणी शूटिंगला धरत नाही.

त्या दिवशी मिरवणूक हॉलवर पोचल्यावर मी मास्टरला गाठलं. तो हातगाडीला टेकून चहा पीत होता. पन्नाशीचा, काटक, मिशीला मेंदी.

"मास्टर, मधेच काय झालं? लाइट गेली का?"

"लाइट कशाला जाईल सायेब, बॅटरीवर चालतंय," तो म्हणाला. "गायकवाडकाकांचं घर होतं ते. मागच्या आठवड्यात जवान पोरगा गेला त्यांचा. कावीळ. अजून पुण्यानुमोदनाचा विधीसुद्धा व्हायचाय. त्यांच्या दारात कसं वाजवणार?"

"पण तुम्हाला कसं कळलं? तुम्ही तर उल्हासनगरला, चार नंबर कॅम्पात."

"आदल्या दिवशी येऊन गल्ली फिरून जातो. कोणाच्या घरी काय झालंय ते विचारायचं. माझ्या वडलांपासूनचं आहे. आमचा बेंजो मयताच्या दारात वाजला असं आजवर कोणी दाखवून द्यावं."

"आणि लग्नाचे लोक ऐकतात?"

"नाही ऐकलं तर वाजवत नाही. त्यांच्या घोड्याला गायला सांगायचं." मग त्याने कप खाली ठेवला. "सायेब, एक काम करा. हे घ्या तुमच्या पिक्चरमध्ये. वाजवताना नाही दाखवलं तरी चालेल, वाजवणारे गल्लोगल्ली आहेत. पण हे थांबलेलं घ्या."

पिक्चरसाठी मास्टरने माझ्याकडे एवढंच मागितलं. दुसरं काही नाही, नाव मोठ्या अक्षरात नको, फोटो नको. मी त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हटलं, "मास्टर, आकाश कोसळलं तरी हे जाणार नाही." शब्द देताना मी आकाशाच्या खाली कधी उतरत नाही.

आणि खरंच, एडिटिंगला बसलो तेव्हा कळलं की आख्ख्या फिल्ममध्ये तेवढंच सोनं आहे. बाकी सगळं वाजवणं. माझ्या ओरडण्याचा तुकडा कापला. पुढे जवळपास मिनिटभर नुसती शांतता. लच्छूने ती काय रेकॉर्ड केली होती! चपला, घुंगरू, कुठल्यातरी घरातली कुकरची शिट्टी, आणि काका हात जोडत असताना मागे सुनेने दार धरलं तेव्हा वाजलेली कडी. लच्छू हेडफोन काढून म्हणाला, "साईं, एवढ्या वर्षांत मी आवाज पकडला. आज पहिल्यांदा आवाज नसलेला पकडला."

टेप चॅनलला गेली. दोन दिवसांनी फोन.

इथे क्यूसी नावाचा प्रकार समजावून सांगायला पाहिजे. प्रत्येक टेप दाखवण्याआधी चॅनलमध्ये एक माणूस ती तपासतो. चित्र हलतंय का, रंग फुटतोय का, आवाज मधेच जातोय का. फिल्म काय म्हणते याच्याशी त्याचा संबंध नसतो. पाण्याच्या टाकीवरचा माणूस काटा बघतो, पाणी पीत नाही, तसं.

"सर, तुमची टेप रिजेक्ट झाली," क्यूसीवाला म्हणाला. "एके ठिकाणी ऑडिओ गेलाय."

"गेला नाही. थांबवलाय."

"कोणी?"

"बबन मास्टरने."

"ते एडिटर आहेत का?"

"ते बेंजो वाजवतात!"

"मग वाजवत का नाहीयेत?"

या माणसाशी मी अर्धा तास बोललो. शेवटी तो म्हणाला, की काटा इतक्या खाली गेला तर मशीन फॉल्ट धरतं, मी काही करू शकत नाही. मी थेट मॅडमकडे गेलो. मॅडम चांगल्या बाई. दर वाक्यात एकदा "वाव" म्हणायच्या.

"एवढी शांतता म्हणजे लोक रिमोट उचलतात हो," त्या म्हणाल्या. "केबलवाल्याला शिव्या घालतात. काहीतरी टाकू या ना तिथे. बासरी?"

"मॅडम, त्या मिनिटासाठीच ही फिल्म आहे. बाकी सगळी काढून टाका, तेवढं ठेवा."

"वाव. बरं, बघते मी."

ऑफिसात "बघते मी" या वाक्याचे सतरा अर्थ होतात. मला त्या दिवशी त्यातला सगळ्यात गोड वाटला आणि मी समोसा खाऊन घरी आलो.

प्रक्षेपण रविवारी सकाळी. चार नंबर कॅम्पात बबन मास्टरच्या चाळीत जत्रा. घरात माणसं मावेनात म्हणून टीव्ही बाहेर आणला आणि हातगाडीवर ठेवला. ताशेवाल्याने टीव्हीची वायर भोंग्याला जोडून टाकली. म्हणजे त्या दिवशी माझी फिल्म उल्हासनगरच्या निम्म्या लोकसंख्येने न बघता ऐकली. मास्टर इस्त्रीचा शर्ट घालून पुढे बसलेला. त्याच्या बायकोने सगळ्यांना पोहे वाटले. पडद्यावर कोणी ओळखीचं दिसलं की शिट्ट्या. मामा लोळला तेव्हा तर चाळ हलली.

"आता बघा," मास्टर शेजाऱ्याला म्हणाला. "आता बघा हं."

पडद्यावर काकांचं दार आलं. आणि भोंग्यातून बेंजो वाजत राहिला.

आधीच्याच गल्लीतली धून. क्यूसीवाल्याने, नाहीतर आणखी कोणी, मागचा तुकडा उचलून त्या खड्ड्यात भरला होता. काम इतकं सफाईदार की जोड कुठे कळत नव्हता. आणि चित्र तेच. एक थकलेला बाप दारात येतो. हात जोडतो. बेंजो वाजतोय. हात जोडलेलेच. बेंजो वाजतोयच. माझ्या टेपवर तो बाप मास्टरचे आभार मानत होता. चॅनलच्या टेपवर तो "थांबा हो" म्हणून गयावया करत होता आणि कोणी थांबत नव्हतं. एक फ्रेम बदललेली नाही, नुसता आवाज भरला. मास्टरच्या बेंजोवर गमछा टाकलेला स्पष्ट दिसत होता. पण कानात एवढं वाजत असताना गमछ्याकडे कोण बघतो?

मी भोंग्याकडे धावलो आणि वायर उपटली. उशीर झाला होता.

मास्टरची बायको पोह्यांचं पातेलं धरून उभी होती.

"अहो," ती हळूच म्हणाली, "तुम्ही वाजवलंत का तिथं?"

"नाही गं," मास्टर म्हणाला.

बायकोने विचारलं तर बाकीच्यांचं काय सांगावं! त्या रविवारी बदलापूरपर्यंत घराघरात ती फिल्म बघितली गेली होती, कारण मीच गावोगाव सांगत फिरलो होतो. खरवईच्या एका घरची हळद मास्टरकडे ठरलेली होती. तिथून निरोप आला, आम्ही डीजे सांगितलाय. कुळगावातून तसाच. मग सोनिवलीहून दोन भाऊ मोटारसायकलवर आले. गायकवाडकाकांची सून त्यांची बहीण. तिला विचारायच्या आधीच त्यांनी मास्टरला दारात उभं करून झाडलं. मी नेमका तिथेच होतो.

"आमचा दाजी जाऊन आठ दिवस नव्हते झाले आणि तुम्ही त्याच्या दारात वाजवलंत?"

"दादा, नाही वाजवलं. आईची शपथ."

"आम्ही डोळ्यांनी बघितलं!"

"तुम्ही होतात का तिथं?" मी मधे पडलो.

"टीव्हीवर बघितलं ना! कॅमेरा काय खोटं बोलतो?"

मी तोंड उघडलं. आयुष्यात मी इतक्या थापा मारल्यात की कुर्ला ते कर्जत रस्ता बांधून होईल. आणि ज्या दिवशी खरं बोलायची वेळ आली, त्या दिवशी आवाज, चॅनल, क्यूसी, मास्टर टेप असलं काहीतरी माझ्या तोंडातून निघत राहिलं. ऐकणाऱ्यांना ती सगळ्यात मोठी थाप वाटली. मोठा भाऊ मास्टरला म्हणाला, "पिक्चरवाल्याला शिकवून ठेवलंय बरोबर." गाडीला किक मारून गेले.

मी मॅडमच्या केबिनचं दार असं उघडलं की बिजागरी अजून दुरुस्त व्हायची असेल. मी काही म्हणायच्या आत मॅडमच उठून उभ्या.

"सर! काय रिस्पॉन्स आलाय! त्या म्हाताऱ्या बाबांचा सीन. एकीकडे मृत्यू, एकीकडे बँड. समाजाची संवेदना कशी मेलीय ते किती सटल दाखवलंत! वाव."

"मॅडम, ते थांबले होते."

"कोण?"

"बँड. थांबला होता. ते आभार मानत होते."

मॅडम बसल्या. त्यांचा चेहरा खरंच उतरला, खोटं कशाला बोलू? "अरे बापरे," त्या म्हणाल्या. "पण आता... तो तसा जास्त चांगला झालाय ना?"

मी म्हटलं, दुरुस्त करून पुन्हा दाखवा, खाली एक ओळ टाका. त्या म्हणाल्या, नवीन टेप द्या, नवीन क्यूसी होईल, वर विचारावं लागेल, पुनर्प्रक्षेपण तर आज पहाटेच झालं त्याच टेपवरून. मी नवीन टेप दिली. रोज फोन केला. मग मॅडम दुसऱ्या चॅनलला गेल्या. त्यांच्या जागी आलेल्या साहेबांना बेंजो म्हणजे खायचा पदार्थ वाटला. काही महिन्यांनी कळलं की माझ्या दोन्ही टेपा पुसून त्यांच्यावर पाककृतींचा कार्यक्रम रेकॉर्ड केलाय. तेव्हा टेपा महाग होत्या, चॅनलं अशी पुन्हा पुन्हा वापरायची. जिथे काकांचे हात होते तिथे आता कोणीतरी कणीक मळत होतं.

माझ्याकडे मूळ शूटिंगची छोटी टेप मात्र होती. ती घेऊन मी मास्टरकडे गेलो. तो घरीच. लगीनसराई ऐन भरात आणि हा माणूस घरी. बेंजो खुंटीला, वर गमछा.

"मास्टर, ही घ्या. याच्यात खरं आहे."

"मी काय करू हिचं? मला दिसतंय खरं," तो म्हणाला. "मला फक्त काकांचं वाटतं. आख्ख्या दुनियेत त्यांना हात जोडायला लावलं मी. त्यांच्या गल्लीच्या तोंडाशी जातो आणि परत फिरतो."

तिथेच माझ्या डोक्यात आलं, काकांना दाखवू या. त्यांच्या दारात, सगळ्या गल्लीसमोर. मास्टरलाही घेऊन. मला त्या वेळी ते इतकं बरोबर वाटलं की मी लगेच लच्छूला फोन केला.

या सगळ्यातून धंद्यापुरतं मी एक शिकलो. तेव्हापासून माझ्या फिल्ममध्ये कुठेही शांतता आली की खाली ठळक अक्षरात पट्टी जाते: 'येथे आवाज मुद्दाम थांबवला आहे. आपला टीव्ही ठीक आहे.' लोक हसतात. जाणकार मंडळी म्हणतात, यांना प्रेक्षकांवर विश्वास नाही. नाहीच आहे.

तर, आम्ही अंबरनाथला गेलो. लोडशेडिंग आटोपल्यावर, दुपारी. काकांच्या शेजाऱ्याचा टीव्ही ओट्यावर स्टुलावर ठेवला, लच्छूने कॅमेऱ्याची वायर जोडली. गल्ली जमली. काका खुर्चीवर, मागे सून उभी. मास्टर येऊन सगळ्यात मागे, विजेच्या खांबाला टेकून उभा राहिला. काकांनी त्याला बघितलं, "जय भीम मास्टर" म्हणाले. मास्टर "जय भीम" म्हणाला, पण पुढे आला नाही.

मी भाषण केलं. साऱ्या चॅनलांचा उद्धार केला, क्यूसीवाल्याच्या सात पिढ्या काढल्या, सत्य, न्याय, कला, सगळं आणलं. मग टेप लावली.

मामा लोळला. कोणी हसलं नाही. मग बेंजो थांबला. माझं "वाजवा रे, वाजवा" सगळ्या गल्लीने ऐकलं, ते या टेपवर तसंच होतं. मग चपला. घुंगरू. शेजाऱ्याला वाटलं आवाज गेला, तो उठून टीव्हीला थापट मारायला निघाला. लच्छूने त्याचा हात धरला. "आवाज आहे, भाऊ. ऐका."

पडद्यावर काका दारात आले. हात जोडले. मास्टरने दातांत पत्ती धरून मान खाली घातली. सून पदर तोंडाला लावून आत निघून गेली. टेप संपली, पडदा निळा झाला.

मी काकांपाशी जाऊन खाली बसलो. वाटलं, झालं, एवढं तरी आपण नीट केलं.

"बघितलंत ना काका?" मी म्हटलं. "मास्टरने वाजवलं नव्हतं. आता पटलं ना?"

"पटायचं काय त्यात?" ते म्हणाले. "आम्ही दारातच उभे होतो."